‘पुरे’ म्हणणारी विणकरीण : टॉल्किनच्या मिरिएलची गोष्ट

कल्पित जगांवरच्या व्याख्यानांत सहसा राजे, लढाया, नकाशे आणि तलवारी यांनाच वेळ जास्त मिळतो. आज आम्ही एका अशा बाईविषयी बोलणार आहोत, जिला मूळ पुस्तकात जेमतेम दोन-चार पानं मिळाली आहेत. तिच्या हातात तलवार कधीच आली नाही. आधी सुई होती, शेवटी माग आला. तिचं नाव मिरिएल. जे. आर. आर. टॉल्किनच्या ‘द सिल्मारिलियन’मधली ही सगळ्यांत कुशल विणकरीण, आणि त्या अमर लोकांच्या सुरक्षित भूमीत स्वतःहून जगणं थांबवणारी पहिली व्यक्ती.

आमचं म्हणणं काय, ते आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढे ते पटतंय की नाही हे तुम्हाला तपासता येईल. मिरिएलच्या जगानं तिच्यावर ठपका ठेवला. पण टॉल्किननं तिच्या थकव्याची नोंद इतकी प्रामाणिकपणे केली आहे, की वाचणाऱ्याच्या मनात तो ठपका टिकत नाही. आणि तिच्या गोष्टीचा जो शेवट बहुतेक वाचकांपर्यंत पोचलेलाच नाही, तो जोडून वाचला तर फक्त तिचीच नव्हे, सगळ्या ‘सिल्मारिलियन’चीच वीण वेगळी दिसायला लागते.

ज्यांनी पुस्तक वाचलेलं नाही त्यांच्यासाठी आधी गोष्ट. ‘द सिल्मारिलियन’ 1977 साली प्रसिद्ध झालं, टॉल्किनच्या मृत्यूनंतर चार वर्षांनी, त्याचा मुलगा क्रिस्टोफर याच्या संपादनाखाली. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’च्या हजारो वर्षं आधीचा हा काळ. एल्फ नावाचे अमर लोक समुद्रापलीकडच्या अमान या धन्यभूमीत राहायला आले आहेत. देवतांसारख्या शक्ती, ज्यांना वालार म्हणतात, त्याही तिथेच राहतात. रोगराई नाही, म्हातारपण नाही. एल्फांच्या तीन कुळांपैकी नोल्दोर हे कारागिरांचं कुळ, त्यांचा राजा फिन्वे. मिरिएल त्याची राणी. तिला सेरिंदे असं उपनाव आहे, म्हणजे सुईकाम करणारी. विणण्यात आणि भरतकामात तिचा हात धरणारं कोणी नव्हतं. एका मसुद्यात तर सुईची कलाच तिनं शोधून काढली असं टॉल्किन लिहितो. तिच्या भरतकामाचा एक तुकडा जरी आपल्या मर्त्य जगात कोणाला दिसला असता, तर एखाद्या राज्यापेक्षा त्याची किंमत जास्त झाली असती, असंही त्यात आहे.

मग तिला मुलगा होतो. बाप त्याचं नाव कुरुफिन्वे ठेवतो. आई त्याला दुसरं नाव देते, फेआनारो, म्हणजे अग्नीचा आत्मा. पुढे फेआनोर या रूपात जगाला ठाऊक झालं ते आईनं दिलेलं नाव. या मुलाला जन्म देताना मिरिएल इतकी रिती होते, की जगण्याचाच भार तिला सोसेनासा होतो. ती नवऱ्याला सांगते की आता मला दुसरं मूल होणार नाही. अनेक लेकरांना पुरली असती एवढी शक्ती या एकात गेली. फिन्वे वालारांचा राजा मानवे याचा सल्ला घेतो. तिला इर्मोच्या लोरिएन नावाच्या बागेत विश्रांतीसाठी नेतात. तिथे चंदेरी वाळुंजाच्या झाडांखाली ती झोपते. तिचा आत्मा शरीर सोडून मृतांच्या घरी, मांदोसकडे, निघून जातो. शरीर मात्र तसंच राहतं, न कोमेजता. फिन्वे वारंवार जाऊन तिच्याजवळ बसतो, तिला हाका मारतो. ती उठत नाही. शेवटी तो जायचं थांबवतो आणि काही काळानं इंदिसशी लग्न करतो. सावत्र आई, सावत्र भाऊ, त्यातून धुमसणारा फेआनोर, आणि मग नोल्दोरांचा सगळा विनाश. 1977च्या पुस्तकात मिरिएलची गोष्ट एवढीच.

इथं जरा थांबू. मराठीत बोलतोय म्हणून आपल्याला एक गोष्ट फुकटात मिळते. आपल्याकडे ‘वीण’ म्हणजे कापडाचा पोत, आणि ‘विणीचा हंगाम’ म्हणजे पक्षी-प्राण्यांचा पिल्लं घालण्याचा काळ. दोन्ही शब्दांचं मूळ एकच असल्याचा आमचा दावा नाही. पण कानाला ते एक लागतात, आणि मिरिएलच्या गोष्टीत ते खरोखर एक झाले आहेत. तिचं सर्वांत मोठं विणकाम म्हणजे तिचा मुलगा. सगळा दोरा त्यात संपला. टॉल्किन इथे बाळंतपणाविषयी जे लिहितो, ते त्या काळच्या वीरकथेच्या परंपरेत फार कोणी लिहीत नव्हतं. वीरकथांमधल्या आया एक तर बाळंतपणात पटकन मरतात, म्हणजे नायक पोरका होऊन प्रवासाला निघतो, किंवा ठणठणीत असतात. मिरिएल यांतली कुठलीच नाही. तिला जखम नाही, ताप नाही. ती दमली आहे. आणि दमलेली आहे म्हणून तिला रडण्याचंही त्राण नाही, असं ती स्वतः सांगते. आपल्याकडे बाळंतपण म्हणजे बाईचा दुसरा जन्म असं म्हणतात. मिरिएलला तो दुसरा जन्म नको आहे, इतकंच.

आजचे वाचक याला लगेच वैद्यकीय नाव देतात. प्रसूतीनंतरचं नैराश्य. तसं वाचायला हरकत नाही, अनेक वाचणाऱ्या बायकांना त्यातून आपली ओळख पटते आणि ती ओळख खरीच असते. आमची अडचण वेगळी आहे. नाव दिलं की प्रकरण औषधापाशी संपतं. टॉल्किननं मात्र मुद्दाम अशी जागा निवडली आहे, जिथं सगळी औषधं हजर आहेत. जगातली सर्वोत्तम बाग, सर्वोत्तम शुश्रूषा करणाऱ्या एस्तेच्या दासी, साक्षात देवता सल्ला द्यायला. तरीही ती म्हणते, पुरे. म्हणजे प्रश्न सोयीसुविधांचा उरत नाही. ज्या जगाला वाटतं की आपण कोणालाही बरं करू शकतो, त्या जगासमोर कोणी ‘मला बरं व्हायचं नाही’ म्हणालं तर ते जग काय करतं? गोष्टीत खरी अडचण ही आहे.

आता ते जग काय करतं, बघा. ते कायदा करतं.

1950च्या दशकाच्या अखेरीला, म्हणजे ‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ छापून झाल्यावर, टॉल्किन या दोन पानांकडे पुन्हा वळला आणि त्याला त्यातून बाहेरच पडता येईना. हे लेखन क्रिस्टोफरनं 1993 साली ‘मॉर्गॉथ्स रिंग’ या खंडात छापलं. एल्फ अमर आहेत. शरीर गेलं तरी आत्मा जगातच राहतो, मांदोसकडे थांबतो आणि पुन्हा देह घेऊ शकतो. म्हणून त्यांचं लग्नही जग असेपर्यंतचं. मग बायको मेली तर नवरा विधुर होतो का? ती परत येऊ शकते ना! फिन्वेला दुसरं लग्न करायचं आहे, त्याला आणखी मुलं हवी आहेत. वालार बसतात, वाद होतो, दोष कोणाचा यावर मतं पडतात. निएन्ना ही शोकाची देवता मिरिएलची बाजू करुणेनं मांडते. शेवटी नियम ठरतो. मृत जोडीदारानं आपण परतणार नाही असं स्वतः सांगितलं तर दुसरं लग्न चालेल, पण मग त्या मृत जोडीदाराला परतीचा रस्ता कायमचा बंद. मिरिएलला विचारलं जातं. ती परतणार नाही म्हणते. या नियमाला तिचं आणि फिन्वेचं नाव पडतं.

हा भाग वाचताना आम्हाला दरवेळी एक गोष्ट टोचते. एका बाईच्या थकव्यापासून सुरू झालेली चर्चा बघता बघता एका पुरुषाच्या पुनर्विवाहाची चर्चा होऊन बसते. तिला किती दिवस विश्रांती लागेल, हा प्रश्न कोणी विचारत नाही. ती किती दिवस अडवून धरणार, हा प्रश्न विचारला जातो. अमर लोकांना घाई कसली, असं आपण म्हणू. पण घाई आहे. आणि मिरिएलच्या ‘आत्ता नको’चं रूपांतर कायद्यानं ‘कधीच नको’मध्ये होतं.

टॉल्किनला हे दिसत होतं का? आमच्या मते दिसत होतं, आणि म्हणूनच त्यानं वालारांचा वाद इतका लांबवला. निवाडा एका ओळीत देता आला असता. पण त्यानं देवतांना आपसांत असहमत होऊ दिलं. कल्पित जगातले देव जेव्हा एकमताने बोलतात तेव्हा लेखकानं बहुतेक वेळा आपला निर्णय झालेला असतो. इथे झालेला नाही. 1977च्या पुस्तकातही त्याच प्रकारची दुभंगलेली नोंद आहे. फिन्वेनं दुःख सोसून एकाच मुलावर समाधान मानलं असतं तर पुढचं अरिष्ट टळलं असतं, असं काही लोक म्हणत, असं निवेदक सांगतो. आणि लगेच पुढे म्हणतो की इंदिसची मुलं आणि नातवंडं थोर निघाली, ती नसती तर एल्फांचा इतिहास दरिद्री झाला असता. हिशेब जुळत नाही, आणि निवेदक तो जुळवायला जात नाही.

आता तिच्या नावाकडे येऊ, कारण भाषेचा प्राध्यापक असलेल्या टॉल्किननं सगळ्यांत जिव्हारी लागणारी गोष्ट एका व्यंजनात ठेवली आहे. आयुष्याच्या शेवटच्या वर्षांत त्यानं ‘द शिबोलेथ ऑफ फेआनोर’ नावाचा निबंध लिहिला, तो 1996 साली ‘द पीपल्स ऑफ मिडल-अर्थ’ या खंडात आला. त्यात तो सांगतो की मिरिएलचं उपनाव मुळात सेरिंदे नव्हतं. सुरुवातीचा ध्वनी ‘स’ नव्हता, तर जीभ दातांना लावून काढलेला, इंग्रजी ‘थिंग’ या शब्दाच्या सुरुवातीला येतो तसा होता. आपण सोयीसाठी थेरिंदे म्हणू. नोल्दोरांच्या बोलण्यात हळूहळू तो ध्वनी ‘स’ झाला, जसं सगळ्या भाषांत होतं. मिरिएलला ते आवडलं नाही. माझं नाव जुन्या उच्चारानंच घ्या, असा तिचा आग्रह होता. ती गेल्यावर फेआनोरनं तो उच्चार हट्टानं धरला. इंदिस ज्या वान्यार कुळातून आली तिथे खरं तर जुनाच उच्चार टिकून होता, पण लग्नानंतर तिनं नवऱ्याच्या लोकांसारखा ‘स’ स्वीकारला. फेआनोरला तो आपल्या आईचा अपमान वाटला. ‘स’ म्हणणारा तो शत्रूच्या बाजूचा.

मराठी माणसाला हे समजावून सांगावं लागत नाही. ‘पाणी’ म्हणतो की ‘पानी’ म्हणतो, यावरून आपल्याकडे माणसाची जात, गाव आणि शाळा काढली जाते. एका अनुनासिकावरून मुलं वर्गात गप्प बसायला शिकतात. टॉल्किनला हे भाषाशास्त्रातून ठाऊक होतं, पण त्यानं ते एका पोरक्या मुलाच्या तोंडी ठेवलं. आईकडून त्या मुलाला मिळालेल्या वस्तू दोनच, त्याचं स्वतःचं नाव आणि तिच्या नावातला एक ध्वनी. राज्य, भाऊ, सावत्र आई या सगळ्यांपेक्षा त्याला तो ध्वनी मोठा वाटतो. हे हास्यास्पद आहे, आणि त्याच वेळी काळजाला भिडणारंही आहे.

पण याच मुलाविषयी एक अवघड गोष्ट सांगायची आहे. फेआनोरनं पुढे तीन रत्नं घडवली, सिल्मारिल. त्यांत दोन दिव्य वृक्षांचा प्रकाश कोंडलेला. मेल्कोर आणि उंगोलिआंत ही राक्षसी कोळीण मिळून ते वृक्ष मारतात. आता फक्त रत्नांतल्या प्रकाशानं वृक्ष पुन्हा जगू शकतील, पण त्यासाठी रत्नं फोडावी लागतील. वालार फेआनोरकडे मागणी करतात. तो म्हणतो की अशी वस्तू कारागिराच्या हातून एकदाच होते, ती फोडली तर माझं हृदय फुटेल आणि मी मरेन, अमानमधल्या सगळ्या एल्फांमध्ये पहिला.

पहिला! त्यावर मांदोस, मृतांच्या घराचा स्वामी, तीनच शब्द बोलतो. त्यांचा आशय एवढाच की पहिला तू नाहीस. कोणाला त्याचा अर्थ कळत नाही. थोड्याच वेळात बातमी येते की मेल्कोरनं फिन्वेला ठार मारून रत्नं पळवली आहेत. बहुतेक वाचक आणि समीक्षक मांदोसच्या बोलण्याचा रोख फिन्वेकडे आहे असं समजतात, आणि प्रसंगाची रचना बघता ते बरोबरच आहे. तरी आमचं म्हणणं आहे की ते वाक्य आणखी एका व्यक्तीला लागू पडतं. त्या भूमीत पहिली मेली ती मिरिएल. आईच्या नावातल्या एका ध्वनीसाठी भावांशी वैर धरणारा मुलगा भर सभेत ‘पहिला मी मरेन’ म्हणतो तेव्हा त्याला आईचं मरण आठवतच नाही. का? कारण सगळ्यांनी ठरवून टाकलं होतं की ते मरण नव्हतंच, तो तिचा हट्ट होता. तिच्या मुलानंही तेच मानलं होतं.

आणखी बघा. फेआनोरचं बोलणं नेमकं कोणाचं आहे? ‘माझी सगळी शक्ती या एका कृतीत गेली, असं पुन्हा होणार नाही.’ हे तर त्याच्या आईचं बोलणं. तिनं ते मुलाबद्दल म्हटलं, तो ते दगडांबद्दल म्हणतो. ती म्हणाली आणि सोडून दिलं. तो म्हणतो आणि मूठ आवळतो. टॉल्किननं हे दोन प्रसंग शेजारी ठेवलेले नाहीत, मध्ये कितीतरी पानं आहेत. पण पट उलगडून बघितला की दोन्हीकडे एकच धागा दिसतो. मुलाला आईकडून कौशल्य मिळालं, आग मिळाली, आणि ‘एकदाच’ हा शब्दही मिळाला. सोडून देणं मात्र मिळालं नाही. ते शिकवायला ती हजर नव्हती.

टॉल्किनच्या विश्वात विणणाऱ्या आणखी दोघी आहेत, आणि मिरिएल या दोघींच्या मध्ये उभी आहे. एक वाइरे, मांदोसची पत्नी. काळात जे जे घडतं ते ती आपल्या पटांत विणते, आणि युगानुयुगं वाढत जाणाऱ्या मृतांच्या घराच्या भिंती त्या पटांनी झाकलेल्या असतात. दुसरी उंगोलिआंत. तीही विणते. प्रकाश शोषून घेते आणि त्यातून अंधाराची जाळी काढते. तिचं विणणं म्हणजे भूक. जितकं विणावं तितकी भूक वाढते, शेवटी ती स्वतःलाच खाते असं सूचित केलं आहे. वाइरेचं विणणं म्हणजे नोंद, तिला त्यातलं काही आपलं म्हणून ठेवायचं नाही. या दोन टोकांच्या मध्ये कारागीर असतो. आपण केलेल्या वस्तूवर त्याचं प्रेम असतं, आणि तिच्यावर मालकी सांगण्याचा मोहही असतो. फेआनोर एका टोकाकडे सरकत गेला. मिरिएल दुसऱ्या टोकाकडे कशी गेली, हे 1977च्या पुस्तकात नाही. ते ‘मॉर्गॉथ्स रिंग’मध्ये आहे.

फिन्वे मारला जातो. त्याचा आत्मा मांदोसकडे येतो, आणि तिथे इतक्या काळानं नवरा-बायको भेटतात. काय काय घडलं ते तो तिला सांगतो. ऐकून मिरिएलला परत देह घ्यावासा वाटतो. पण नियम आडवा येतो, कारण इंदिस जिवंत आहे आणि एका पुरुषाला दोन जिवंत बायका असू शकत नाहीत. तेव्हा फिन्वे सांगतो की मी स्वतः कधीच परतणार नाही, माझ्या जागी तिला जाऊ द्या. विनवण्या होतात, आणि अखेर परवानगी मिळते. न कोमेजलेल्या त्या देहात मिरिएल डोळे उघडते. ती आपल्या लोकांत परतत नाही. वाइरेच्या घराच्या दारात जाऊन उभी राहते. देह असलेलं कोणी त्या घरात आधी गेलं नव्हतं, तिला आत घेतात. तिथे नोल्दोरांच्या सगळ्या बातम्या तिच्यापर्यंत येतात आणि ती त्या पटांत विणते. ते पट इतके सुंदर की जिवंत वाटावेत. फिन्वेला ते कधीमधी बघायची परवानगी आहे. तिचं नावही आता बदललं आहे, फीरिएल, जी मेली ती.

आता विचार करा, ती काय विणते आहे. नोल्दोरांचा इतिहास म्हणजे तिच्या मुलाचा इतिहास. फेआनोरनं घेतलेली ती भयंकर शपथ. आल्क्वालोंदेच्या बंदरात एल्फांनीच एल्फांवर चालवलेल्या तलवारी. लोसगारच्या किनाऱ्यावर पेटवलेली जहाजं, म्हणजे मागे राहिलेल्या भावाला येता येऊ नये. मग बालरोगांशी लढताना आलेलं त्याचं मरण, शरीराची झालेली राख. त्यानंतर सात नातू, एकेक करून. मेद्रोस रत्न हातात घेऊन आगीच्या दरीत उडी टाकतो, तेही. मुलाला वाढवायला जी नव्हती, तिला त्याच्या आयुष्याचा एकेक दिवस धोट्यानं इकडून तिकडे न्यावा लागतो. ताण्याचे धागे दुसऱ्या कोणी ताणलेले, बाण्याचा रंगही निवडता येत नाही. जे झालं तेच विणायचं.

याला शिक्षा म्हणायचं की मोबदला? काहीजण म्हणतात की टॉल्किननं तिला कलेतून मुक्ती दिली. आम्हाला हे घाईचं वाटतं. पुन्हा उभी राहायच्या आधी मिरिएल फिन्वेजवळ काय म्हणते, ते विसरून चालणार नाही. तुला आणि मुलाला सोडून गेले ही माझी चूक झाली, किंवा थोडी विश्रांती घेऊन परतायला हवं होतं, तर तो अधिक शहाणा झाला असता, असं ती म्हणते. इंदिसच्या मुलांनी फेआनोरच्या चुका निस्तरल्या म्हणून त्यांच्या असण्याचा आनंद आहे, असंही म्हणते. सवतीला इतक्या मोकळ्या मनानं मान देणारी बाई साहित्यात क्वचित भेटते, आणि ते मोठेपण तिचंच. पण चुकीची कबुली? ती आम्हाला लेखकानं तिच्याकडून वदवून घेतल्यासारखी वाटते. जिला रडायचंही त्राण नव्हतं, तिनं ‘थोडीशी विश्रांती’ घेऊन परतावं, ही अपेक्षा तिच्या पहिल्या बोलण्याशी जुळत नाही. जाताना तिनं नवऱ्याला सांगितलं होतं की पुढे जे काही घडेल त्याचा दोष मला देऊ नकोस. टॉल्किननं ती विनंती लिहिली, आणि पुढे तिच्याच तोंडून ती मागेही घेतली. यांतलं कुठलं खरं, हे आपण वाचकांनी ठरवायचं आहे. आमचं मत पहिल्या मिरिएलच्या बाजूनं आहे.

चरित्राचा मुद्दा इथे येतोच, म्हणून थोडक्यात. टॉल्किनची आई मेबल 1904 साली मधुमेहानं गेली. तेव्हा तो 12 वर्षांचा होता, वडील त्याआधीच वारलेले. इन्शुलिनचा उपचार यायला अजून जवळजवळ दोन दशकं होती. आईनं आपल्यासाठी स्वतःला झिजवलं, ही जाणीव त्याला आयुष्यभर होती. यावरून मिरिएल म्हणजे मेबल असं म्हणणं सोपं आहे आणि चुकीचंही आहे. मेबलनं काही सोडून दिलं नव्हतं. उपयोग आहे तो वेगळ्या अंगानं. आई गेलेलं मूल एकाच वेळी दोन गोष्टी मनात बाळगतं. ती दमली होती, हे त्याला समजतं. आणि ती थांबली का नाही, हेही ते विचारत राहतं. फेआनोरमध्ये दुसरा प्रश्न आहे. मिरिएलच्या बोलण्यात पहिली समज आहे. टॉल्किननं दोन्ही लिहिलं, आणि त्या दोघांची भेट मात्र कधीच घडवून आणली नाही.

एक आक्षेप रास्त आहे, आणि तो आम्ही टाळणार नाही. मिरिएल ही शेवटी मुलाच्या गोष्टीसाठी बाजूला काढलेली आई नाही का? तिला घरात कोंडून, दुसऱ्यांचा इतिहास विणायला बसवलं, हे बाईला दिलेलं जुनंच काम नाही का? पेनेलोपी मागावर बसली ती नवऱ्याची वाट बघत. फिलोमेलाची जीभ कापली म्हणून तिला आपली कहाणी कापडात विणावी लागली. जगभरच्या कथांत बाईला बोलायची मुभा नसते तेव्हा तिच्या हातात धागा दिला जातो. मिरिएललाही तिथेच नेऊन बसवलं आहे, हे खरं आहे. तिचे पट कोणी बघत नाही, एका मृत नवऱ्याशिवाय.

तरीही फरक आहे. पेनेलोपी दिवसा विणते आणि रात्री उसवते, कारण तिला काळ थांबवायचा आहे. मिरिएल उसवत नाही. मुलाचा गुन्हा झाकत नाही, आपलं मरणही वगळत नाही. तिच्या नव्या नावातच ते आहे. आपल्या विनाशाला जबाबदार धरलेल्या बाईनंच त्या विनाशाचा दस्तऐवज विणावा, ही टॉल्किनची कल्पना धाडसी आहे. कायद्यानं जिच्याविषयी निवाडा दिला, तिच्याच हातात आता सगळ्यांची हकिगत आहे, निवाडा देणाऱ्यांचीसुद्धा.

मग 1977च्या पुस्तकात हा शेवट का नाही? क्रिस्टोफरपुढे वडिलांनी अर्धवट सोडलेल्या, एकमेकांशी न जुळणाऱ्या हस्तलिखितांचे ढीग होते. त्यांतून त्याला एक सलग, वाचता येईल असं पुस्तक काढायचं होतं. कायदा, वाद, परत येणं, हे सगळं घेतलं असतं तर प्रकरण वाहून गेलं असतं. संपादक म्हणून तो निर्णय समजण्यासारखा आहे. पण परिणाम असा झाला की पुस्तकाच्या लाखो वाचकांसाठी मिरिएल बागेत झोपलेलीच राहिली, फेआनोरच्या स्वभावाचं एक कारण म्हणून. पुढे त्याच क्रिस्टोफरनं 1983 ते 1996 या काळात बारा खंड काढून उरलेले सगळे धागे लोकांपुढे ठेवले, स्वतःच्या आधीच्या निर्णयांवर टीका करत. वडील गेल्यावर त्यांच्या कामाचे पट विणत बसलेला मुलगा! मिरिएलनं मुलासाठी जे केलं, ते इथे मुलानं बापासाठी केलं. आम्ही याचा फार अर्थ काढणार नाही, पण नजरेआड करण्यासारखंही ते नाही.

ज्यांना पुस्तक हाती घ्यायचं आहे त्यांनी ‘सिल्मारिलियन’चं सहावं प्रकरण वाचा, आणि लगेच नववं, जिथे फेआनोर रत्नं द्यायला नकार देतो. मग जमलं तर ‘मॉर्गॉथ्स रिंग’. वाचताना एक प्रश्न जवळ ठेवा. आपल्या घरात, आपल्या गोतावळ्यात कोणी ‘आता पुरे, माझ्याच्यानं होत नाही’ म्हणतं, तेव्हा आपण आधी काय करतो? तिच्याजवळ बसतो, की ती उठल्याशिवाय आपलं काय काय अडेल याची यादी करतो? फिन्वेनं दोन्ही केलं. बसला, आणि मग यादी केली. तो वाईट माणूस नव्हता. शेवटी त्यानं तिच्यासाठी स्वतःचं परतणं सोडलं, पण तोवर मुलगा मोठा झाला होता आणि रत्नं चोरीला गेली होती.

वेळ झाली आहे. प्रश्न असतील तर जरूर पाठवा, विशेषतः मिरिएलच्या कबुलीविषयी तुमचं मत आमच्याहून वेगळं असेल तर.